न लावलेली कडी

“मेलेल्या माणसाला तिखट चालतं का वं?” दारातल्या बाईनं विचारलं.

मी मठाच्या अंगणात वाल सोलत बसले होते. “जित्तेपणी चालत असंल तर चालतंय की,” मी म्हणाले. “मेल्यावर काय पोट बिघडनार हाय?”

ती हसली नाही. पायरीवर टेकली, डोक्यावरचं गाठोडं उतरवलं आणि पदरानं मान पुसली. पस्तिशीच्या पुढची बाई, पायाला पठारावरची तांबडी धूळ, कपाळ मोकळं. ते मोकळं कपाळ इतकं नवं होतं की कुंकवाच्या जागची कातडी अजून बाकीच्या चेहऱ्यापेक्षा उजळ दिसत होती. मी वाल बाजूला ठेवले आणि तिला पाणी दिलं.

“ठेचा भाकरी आनलीया,” ती म्हणाली. “मालकास्नी लई आवडायची. त्यास्नी बोलवायचं हाय. एक गोष्ट इचारायची राहिली.”

आमच्याकडं येणाऱ्या प्रत्येकाचं काहीतरी विचारायचं राहिलेलंच असतं. आम्हाला ओसरीकर म्हणतात. लोकांना वाटतं, आम्ही मध्यरात्री मसणात कवट्या मांडून बसतो. तसलं काही नाही. आमचं काम भर दुपारी, जेवणं उरकल्यावर, कुणाच्याही ओसरीवर कुणीतरी येऊन पान लावत बसतं त्या वेळेला. मेलेली माणसंही त्याच वेळेला येतात. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, तसं आहे ते. आम्ही त्यांना आपल्या देहाची ओसरी देतो. पाहुणा घटकाभर टेकतो, आमच्या तोंडानं बोलतो, उठून जातो. तोवर आम्ही आपल्याच आतल्या घरात, दाराला कडी लावून बसलेले असतो. बाहेर काय बोलणं झालं ते आम्हाला कळत नाही आणि आम्ही विचारत नाही. भटाला दिली ओसरी तर भट हातपाय पसरी, हे मेलेल्यांनाही लागू आहे. म्हणून आमच्यातलंच एक माणूस उंबऱ्याला राखण बसतं. ते सगळं ऐकतं, पण ऐकलेलं कधी कुणाला सांगत नाही. वेळ झाली की पाण्याचा हबका मारून आमचं नाव घेऊन हाक मारतं, आणि आम्ही माघारी येतो.

“त्येंच्या हातातली वस्तू आनलीया?” मी विचारलं.

तिनं गाठोडं सोडलं. भाकरीच्या फडक्याखाली एक हातोडी होती. बाभळीचा दांडा, त्याला गुंडाळलेली निळी दोरी, आणि एका बाजूनं झिजून तिरकं झालेलं लोखंड.

“खडकेवाडीचे सुबराव?” माझ्या तोंडून निघून गेलं.

तिनं मान वर केली आणि माझ्याकडं पाहिलं. तिनं अजून नाव सांगितलंच नव्हतं. नवऱ्याचं नाव ती घेणारही नव्हती.

“वळखता?”

“जात्याला टाकी लावायला यायचे,” मी म्हणाले. “कधी झालं?”

“अमावास्येच्या दुसऱ्या दिशी. खानीत दरड सुटली.”

म्हणजे महिना होत आला होता. महिनाभर मी दळत होते, खात होते, झोपत होते आणि सुबराव या जगात नव्हता. मला कुणी कळवलं नाही यात कुणाची काही चूक नव्हती. मला कळवायचं तरी काय नात्यानं?

मी उठून घरात गेले. त्या गोष्टीला आता तीस-बत्तीस वर्षं झाली, पण घरात जाऊन मी काय केलं ते मला स्वच्छ आठवतं. मी पाण्याच्या रांजणाला दोन्ही हातांनी धरून उभी राहिले. तो थंड होता म्हणून.

सुबराव आणि मी एकाच गावचे. त्याचं घर वरल्या आळीला, आमचं खालच्या. दोन्ही घरांत सोयरिकीचं बोलणं झालं होतं, सुपारी फुटायची तेवढी राहिली होती. तेवढ्यात आमची चुलती वारली, आणि तिला उचलायच्या आधी ती माझ्या तोंडून बोलली. गाय कुणाला द्यायची ते सांगितलं, थोरल्या सुनेला दोन शिव्या हासडल्या आणि गेली. आठवड्याच्या आत मठातली थोरली धोंडाक्का आमच्या दारात उभी. ज्या पोरीची ओसरी उघडली ती मठाची, ही आमच्या मुलखातली रीत. तिला कुणी मोडता घालत नाही. ओसरीकराला लग्न नाही. घर भरलेलं असलं की ओसरीवर परका माणूस टेकत नाही, असं आक्का म्हणायची.

सुबरावचं लग्न पुढच्या वर्षी खडकेवाडीच्या केराशी झालं आणि तो सासऱ्याच्या खाणीवर राहायला गेला. त्याच सालापासून, सुगी उरकली की तो मठात जात्यांना टाकी लावायला, झिजलेल्या दगडाला पुन्हा खाचा पाडायला, येऊ लागला. आता आम्ही मूठभर बायका. आमची जाती अशी किती झिजणार? त्यांना दर वर्षी टाकी लागत नव्हती. तो दर वर्षी यायचा.

“दगूड कसा हाय?” तो विचारायचा.

“बरा हाय,” मी म्हणायचे. “जरा भरड पडतंय.”

“घेतो करून.”

एवढंच बोलणं. मग दिवसभर टकटक टकटक, आणि उन्हं कलली की तो जायचा. सोळा-सतरा वर्षं हे असंच चाललं. कुणाला वाटेल, काय ही माणसं! पण त्याला बायको होती, मला मठ होता, आणि आम्ही दोघंही भित्रे नव्हतो, नुसते नीट वाढवलेले होतो. मला त्याच्याकडून दुसरं काही नको होतं. तो दगडासाठी येतो की माझ्यासाठी, एवढं एकदा कळायला हवं होतं. विचारायला पुढलं साल आहेच, असं मी दर साली म्हणायचे.

धोंडाक्का मागच्या पडवीत आमच्यातल्या, तापानं पडलेल्या चंद्राच्या कपाळावर पट्टी ठेवत होती. मी आलेल्या बाईचं सांगितलं. आक्का बराच वेळ पट्टी पिळत राहिली.

“राही घाटाखाली गेलीया, ही अशी पडलीया. माझी ओसरी म्हातारपनानं बंद झाली. म्हंजी तूच.”

“व्हय.”

“उद्या अमावास्या. मेल्यावरची पैली अमावास्या उलटली की कुनी येत न्हाई. आज न्हाई बसवलं तर त्या बाईला त्यो पुन्ना घावायचा न्हाई.” तिनं पट्टी चंद्राच्या कपाळावर ठेवली आणि माझ्याकडं वळली. “सगुणा, त्यो तुझा कोन लागतो?”

“कोनी न्हाई.”

“नात्याचं इचारत न्हाई मी.”

“आक्का, नात्याचंबी काय न्हाई आन् त्याच्या पल्याडचंबी काय न्हाई. त्यो कधी बोलला न्हाई, मी कधी बोलले न्हाई. मग काय सांगू, कोन म्हनून सांगू?”

आमच्यात एकच गोष्ट सक्त मना आहे. आपल्या माणसाला ओसरी द्यायची नाही. परका मेला की बाहेर बसतो. आपला माणूस बाहेर बसत नाही, तो सरळ आत येतो. आणि तो आत आला की घरच्या माणसाला माघारी यावंसं वाटत नाही. शेवंता म्हणून आमच्यातलीच एक होती. तिनं हट्टानं भावाला बसवलं. त्यानंतरही ती खूप वर्षं जगली. भरवलं की खायची, निजवलं की निजायची. घर उभं होतं, घरात कुणी नव्हतं.

“शेवंता ध्यानात हाय न्हवं?” आक्का म्हणाली.

“हाय.”

“मग कडी नीट लाव. आन् मी हाक मारली की ऊठ.” ती थांबली आणि जरा हळू म्हणाली, “उठशील न्हवं?”

मी म्हटलं, उठेन. तेव्हा मला ते खरंच वाटत होतं.

ओसरीवर घोंगडी अंथरली. माझ्यासमोर केरा, उंबऱ्यावर पाण्याचा तांब्या घेऊन धोंडाक्का. पाहुण्याला देतात तसं गूळ आणि काशाच्या वाडग्यात पाणी ठेवलं, शेजारी भाकरी. हातोडी माझ्या मांडीवर ठेवली तेव्हा दांड्यावरची निळी दोरी हाताला लागली. ती घामानं काळपट, गुळगुळीत झाली होती. मी तिच्यावर मूठ आवळली आणि डोळे मिटले.

माझं आतलं घर म्हणजे आमच्या गावच्या घरातली मधली खोली. अंधारी, कणगीतल्या जोंधळ्याचा वास, एकच दार. ते आत उघडतं, आतून एक कडी, बाहेरून एक; राखणीची हाक आली की दोन्ही आपसूक निघतात. सगळ्या ओसरीकरांचं आतलं घर वेगळं असतं; राहीचं तर म्हणे आंब्याचं झाड आहे. मी दार लोटलं. कडीला हात लावला, उचलली, आणि सोडून दिली.

मी कडी लावली नाही. आजही मला त्याचा पस्तावा नाही. तो माझा असला तर येईल. नसला तर परक्यासारखा बाहेर बसून, बायकोशी बोलून निघून जाईल. सतरा वर्षं जे तोंडानं विचारता आलं नाही, ते आमच्या विद्येत असं एका लोटलेल्या दारानं विचारता येत होतं. मग मी का विचारू नये? माघारी यायचं की नाही, ते मग बघू. शेवंता वेडी होती असं सगळे म्हणायचे. त्या अंधारात मला ती तितकी वेडी वाटली नाही.

मी पदर सारखा केला, केस मागं सारले. देह बाहेर ठेवून आलेली बाई आत पदर सारखा करते, याचं माझं मलाच हसू आलं.

बाहेर बोलणं सुरू झालं. शब्द कळत नाहीत. पलीकडल्या घरात कुणी बोलत असावं तसा नुसता आवाज येतो. बाईचा आवाज, मग थांबणं. पुन्हा बाईचा आवाज. मग बराच वेळ काहीच नाही. आणि मग पावलं वाजली.

मी ती पावलं ओळखली. दगडावर उकिडवं बसून बसून उजवा पाय जरा ओढत चालायचा तो. पावलं दाराशी आली आणि फटीतला उजेड झाकला गेला. त्याचा वास आला, दगडाच्या भुकटीचा आणि बिडीचा. दार बोटानं ढकललं तरी उघडलं असतं. मी उठून उभी राहिले. “या,” म्हणायचं होतं, पण मला वाटलं, असू दे, आता आलाच आहे, तो बोलेल.

दार हललं. पण आत नाही. बाहेरच्या बाजूला ओढलं गेलं, चौकटीला घट्ट बसलं, आणि बाहेरून कडी लागली.

मी कडीचा आवाज ऐकला. पावलं लांब गेली. फटीत पुन्हा उजेड आला.

काय सांगू तेव्हा काय वाटलं ते! उभ्या आयुष्यात इतकी लाज मला कधी वाटली नव्हती. इतकी वर्षं मनाची समजूत होती की, विचारलं नाही म्हणून कळलं नाही. आता विचारलं होतं आणि कळलं होतं. तो दगडासाठीच येत होता. भला माणूस, उघडं दार दिसलं, ओढून घेतलं, गेला. मी जोंधळ्याच्या कणगीला टेकून खाली बसले आणि मला वाटलं, आता आक्कानं लवकर हाक मारावी.

“सगुणाऽ!”

गार पाण्याचा हबका तोंडावर बसला. मी डोळे उघडले. ओसरीवर ऊन आलं होतं. माझे दोन्ही हात केराच्या हातात होते.

धोंडाक्का माझ्याकडं न बघता उठली. पदराचं टोक डोळ्यांना लावलं. “चंद्राचा काढा बघते,” म्हणाली आणि घरात गेली.

“गेलं व्हय?” केरानं विचारलं.

“गेले.”

“हात अजून ऊन हायती.”

“माझे हायती ते,” मी जरा तोडूनच बोलले.

“व्हय, तुमचंच,” ती म्हणाली आणि तिनं हात सोडले. तेवढ्यानं मला वाईट वाटलं. भाकरी तशीच होती. गूळ तसाच होता. मी हातोडी तिच्यापुढं सरकवली, तोंड पुसलं आणि वाल सोलायचे राहिलेत म्हणून उठायला लागले.

“काय बोललं ते इचारत न्हाई तुमी?”

“आमी इचारत नसतो. रीत हाय.”

“मी सांगायला तर रीत आडवी येत न्हाई?”

मी पुन्हा बसले.

केरा भाकरीच्या फडक्याची घडी घालत बोलत राहिली. “मी पैलं इचारलं, माझ्याजवळ सुखात हुता का? व्हय म्हनलं. खोटं न्हाई बोललं, खोटं बोललं की मला कळतं. मग ज्यासाठी आले हुते ते इचारलं. सुगी झाली की ज्या दिशी ह्या पठारावर यायचं, त्या दिशी दाढी करून निघायचं. दगूड ठोकायला जानारा मानूस दाढी करून जातो व्हय? मी म्हनलं, कुनासाठी?”

“मग?”

“मग काय, पानी मागितलं. मला वाटलं तान लागली, म्हनून वाडगं पुढं केलं. पियालं न्हाईत. मांडीवर धरून वाकून बघत बसलं. मला कळंना काय बघत्यात. मग ध्यानात आलं. त्या पान्यात तुमचं त्वांड दिसत हुतं, ते बघत हुतं.”

मी ओलं तोंड पुन्हा पदरानं पुसलं. दुसरं काय करावं ते सुचेना.

“लई येळ बघितलं,” ती म्हणाली. “कपाळावरची बट बोटानं बाजूला केली. मला राग आला, का येऊ नये? मी म्हनलं, येवढं हाय तर जावा की आत. त्या आतच हायत. मी काय आडवी येत न्हाई. तर वो, खरंच गेलं. तुमचं आंग जागचं हललं न्हाई, पर डोळं फिरलं. आक्का भ्याल्या, तांब्या उचलून हाक मारनार, तेवढ्यात माघारी आलं. हसलं. म्हनलं, ‘दार उघडंच ठिवलंय येडीनं.’”

मी तिच्याकडं बघत राहिले.

“‘म्या पाऊल टाकलं तर ती माघारी यायची न्हाई,’ म्हनलं. ‘भाएरनं कडी लावून आलो.’ मग माझं हात धरलं आन् गेलं.”

आनंद व्हायला हवा होता. तो मागाहून झाला, पुष्कळ झाला, अजून होतो. पण त्या वेळेला मला सपाटून राग आला. “कुनी सांगितलं हुतं त्याला शहानपन?” मी ओरडले. “मी म्हनलं हुतं का, मला राख म्हनून? माझं दार हुतं ते!”

“व्हय,” केरा म्हणाली.

“सतरा वरसं दगूड ठोकत बसला आन् आला तो दारातनं माघारी!”

“आसंच हुतं त्ये,” ती म्हणाली. “घरातबी आसंच. भाकरी संपत आली की भूक न्हाई म्हनायचं.”

माझा राग तिथं विरला. मी तिच्याकडं पाहिलं. पहाटेपासून चालून आलेली बाई, समोर न शिवलेली भाकरी, आणि जे ऐकायला आली होती ते ऐकून बसलेली. मला तिचं नवल वाटलं.

“तुमी मला सांगितलंत कशाला?” मी विचारलं. “आक्का कधी बोलली नसती. तुमी न सांगता गेला असता, तर मला वाटलं असतं, माझं काय नव्हतंच. त्यो समदाच्या समदा तुमचा राहिला असता.”

हातोडीवरची निळी दोरी सुटली होती ती तिनं पुन्हा गुंडाळली.

“लेक रडली, ती बापासाठी रडली,” ती म्हणाली. “दीर रडला, त्यो मिळवता हात गेला म्हनून. भावकी आली, रीतीपरमानं रडून गेली. पर नुसत्या सुबरावासाठी रडनारी मी एकलीच.” नवऱ्याचं नाव तिनं तेव्हा पहिल्यांदा घेतलं असावं, कारण घेतल्यावर ती क्षणभर थांबली. “एकलीला रडू फुटत न्हाई, बाई. महिना झाला, डोळ्याला पानी न्हाई. कुनीतरी जोडीला पायजे हुतं.”

मी सरकले आणि घोंगडीवर तिला माझ्याशेजारी जागा करून दिली.